गाडग्यातली गोड बरबटी

आत्याबाई,

तुमचा मुलगा आता जेवत नाही. कुठून सुरुवात करावी याचा विचार करत मी सकाळपासून कागद घेऊन बसले होते, आणि शेवटी जे सगळ्यात शेवटी सांगायचं होतं तेच आधी लिहून टाकलं. तुम्ही समोर असता तर म्हणाल्याच असत्या, ‘अवं, सरळ सांग न, काऊन घोळ घालून राह्यली?’ तर सरळ सांगते. यांच्या जबड्यात गाठ झाली, ती काढली, मग विजेचा शेक दिला, आणि आता डॉक्टर म्हणतात की दवाखान्यात आणायचं काम नाही, घरीच सांभाळा. जे मागतील ते द्या म्हणाले. आणि तुमचा मुलगा तर त्याच्या कितीतरी आधीपासून एकच मागतो आहे. बरबटी. माझ्या माहेरी चवळी म्हणतात ती; तुमच्या हातची, गाडग्यातली, गुळाची. मेलेल्या माणसाच्या हातचं मागायचं आणि करायला लावायचं मला, हा यांचा स्वभाव तुम्हाला नवा नाही.

आत्ता हे लिहिते आहे तेव्हा अंगणात गवऱ्यांचा जगरा पेटलाय, त्यात आज पहाटेच गाडगं पुरलंय, आणि हे ओसरीवर खाटेवर पडून तिकडे बघताहेत. संध्याकाळपर्यंत मला दुसरं काम नाही. अंगणवाडीत इतकी वर्षं पोरांना गाणी शिकवली, त्यामुळे लिहायला बसलं की ही शाळेतली भाषा येते. तुमच्याशी मी अशी कधी बोलले नाही. तशी तुमच्याशी मी फारशी बोललेच नाही म्हणा. तुम्ही बोलायच्या, मी ऐकायचे, आणि नंतर स्वयंपाकघरात भांडी जरा जोरात ठेवायचे. ते तुम्हाला ऐकू यायचं हे मला माहीत होतं, आणि ऐकू यावं म्हणूनच मी ती आपटायचे.

मी जालन्याच्या बाजूची, बीबीकडची. आमच्याकडे पाणी गोड, बोलणं वेगळं. इथे संग्रामपूरकडे आले तेव्हा मी ‘मला’ म्हटलं की तुमच्या बायका हसायच्या, आणि ‘कामून’ म्हटलं की तुम्ही मान वळवून म्हणायच्या, ‘आली मोठी जालन्याची!’ पण बोलण्यापेक्षा मला पाण्याने रडवलं. इथल्या घरामागची बोअर सुरू केली की बादलीत पांढरा थर बसायचा. चहा नासायचा, साबणाला फेस यायचा नाही, केस धुतले की दोरखंड व्हायचे. खारपाणपट्टा म्हणतात तो काय असतो हे माझ्या बापाने स्थळ बघताना विचारलं नाही. जमीन किती आणि मुलगा काय करतो एवढंच विचारलं. मुलगा पाण्याच्या मोटारी बांधून देतो म्हटल्यावर बाप खूश झाला. म्हणाला, मोटारी आहेत म्हणजे पाणी आहे. पाणी होतंच की, पण ते तोंडात धरवत नव्हतं.

आणि मग तो शेतातल्या मुंजोबाला गवऱ्यांत भाजलेल्या कणकेच्या रोडग्यांचा नैवेद्य दाखवायचा दिवस. दरवर्षी शेतातून आलं की तुम्ही अंगणात उरलेल्या गवऱ्यांचा दुसरा जगरा लावायच्या. रोडगे खाऊन सगळे आडवे झालेले असायचे आणि तुम्ही मात्र लुगड्याचा काचा मारून निखारे सारखे करत बसलेल्या. आदल्या दिवशी भिजवलेली बरबटी, काळा गूळ, एक आख्खा कांदा, ठेचलेली सुंठ, वाटलेली मोहरी, तेल, मीठ, सगळं परातीत मांडलेलं. मी पदर खोचून शेजारी बसायचे, की आता बघू, आता शिकू. आणि नेमकं तेव्हा तुम्ही म्हणायच्या, ‘जाय, मोठ्या इहिरीचं पानी घेऊन ये.’ मोठी विहीर म्हणजे पार गावाबाहेर, सातपुड्याच्या बाजूला, टेकडी सुरू होते तिथे. घराजवळच्या मारुतीच्या विहिरीचं पाणी वरणाला चालायचं, भाताला चालायचं, पाहुण्याला प्यायला चालायचं. मग आजच मोठी विहीर कामून? मी एकदा विचारलं. तुम्ही म्हणालात, ‘तुले काय समजते? जाय म्हटलं का जा.’

मी डोक्यावर गुंड, कमरेवर कळशी घेऊन परत येईपर्यंत ऊन उतरायचं. आले की तुम्ही पाणी गाडग्यात ओतून घ्यायच्या आणि लगेच मला दुसऱ्या कामाला जुंपायच्या. गाय बांध, कोंबड्या झाक, पाहुण्यांना चहा दे. कधी काय घातलं हे मला कधी दिसलंच नाही. सकाळी गाडगं निघायचं, झाकणाची कणीक फोडली की तो वास यायचा आणि तुमचा मुलगा दात न घासता वाडगा घेऊन हजर. बरबटी आख्खी असायची, पण जिभेने दाबली की लोणी. रस काळाभोर, बोटाला चिकटणारा. तुम्ही त्याला वाढायच्या आणि तो खात असताना फक्त बघत बसायच्या. मला वाटायचं, ही बाई मरेल पण मला हे सांगणार नाही. सुनेच्या हातात गेलं की मुलगा हातातून जाईल अशी हिची भीती आहे. शेजारच्या वहिनीला मी तसं बोलूनही दाखवलं होतं. तिने ते तुम्हाला सांगितलं असणारच, ती कुठली पोटात ठेवते.

एका वर्षी तुम्ही खामगावला बाजाराला गेलात आणि माझ्यासाठी चप्पल आणली. घरात मला काही आणायची तुमची पद्धत नव्हती, त्यामुळे मी हरखले. जाड सोल, मागून पट्टा, बाईमाणसाची वाटू नये अशी. तुम्ही ती माझ्या पायापाशी टाकली आणि म्हणालात, ‘मोठ्या इहिरीच्या वाटीनं काटे लय हायेत.’ झालं. माझा हरख तिथेच संपला. आता वाट्टेल तितक्या वेळा हाकलायची सोय केली, असं मी मनात म्हटलं. रात्री यांच्याजवळ रडले. हे तारेचं वेटोळं सोडवत होते, तोंडात गुटख्याची पुडी भरलेली, म्हणून नुसतं हसल्यासारखं ‘हं’ केलं.

ती पुडी. तुम्ही होतात तेव्हापासूनची. दोन्ही हातात तांब्याची तार असते, मोटारीत वेढे भरताना मध्ये थांबता येत नाही, म्हणून एकदा गालात भरली की काम होईपर्यंत तशीच. तुम्ही ओरडायच्या, ‘थुक ते, मेल्या!’ आणि हे खिडकीतून थुंकून पुन्हा भरायचे. मीही ओरडले. पोरं ओरडली. मग आम्ही ओरडायचं सोडलं. गालात पांढरा चट्टा आला, तो दाताने लागलाय म्हणाले. तोंड उघडेना, तेव्हा अक्कलदाढ म्हणाले. तोंडात दोन बोटं जाईनात तेव्हा अकोल्याला नेलं. पुढचं तुम्हाला कशाला सांगू? गाल अर्धा नाही. बोलतात ते मला आणि थोरल्या पोराला समजतं, बाकीचे नुसती मान हलवतात. पातळ पेज, दूध, कुस्करलेलं केळ, एवढं चमच्याने जायचं. आणि एक दिवस पेजेचा चमचा हाताने बाजूला सारून म्हणाले, ‘मायची बरबटी कर.’

मी म्हटलं त्यात काय, करते. बरबटी भिजवली, गूळ घातला, कुकरला लावली, शिट्ट्या काढल्या. तिचं झालं गोड पिठलं. यांनी चमच्यात घेतलं, बघितलं, खाली ठेवलं. ‘हे नाई.’ पुण्याची तुमची नात आली होती बघायला. ती म्हणाली, मामी, कशाला त्रास घेता, हे तयार मिळतं, आणि दुसऱ्या खेपेला येताना एक डबा घेऊन आली. परदेशी लोक पावाबरोबर खातात म्हणे. डबा उघडला तर टमाट्याच्या रश्शात पांढऱ्या घेवड्यासारखं काहीतरी, गोडसर, आंबटसर. पोरीने प्रेमाने आणलं म्हणून मी गरम करून दिलं. यांनी चव घेतल्यासारखं केलं आणि नातीकडे बघून म्हणाले, ‘मस्त हाय.’ ती गेल्यावर मला म्हणाले, ‘कुत्र्याले टाक.’ कुत्र्यानेही हुंगून सोडलं, आत्याबाई. त्या दिवशी आम्ही दोघं हसलो. त्यांना हसलं की दुखतं, तरी हसले.

मग मी हट्टाला पेटले. कुंभाराकडून गाडगं आणलं. अंगणातल्या जुन्या जागी खड्डा उकरला, गवऱ्या मागून आणल्या, कारण आता घरात जनावर नाही. जगरा लावला. तुम्ही मांडायच्या तसं सगळं मांडलं आणि सगळं एकदमच गाडग्यात घातलं, कारण कधी काय ते मला माहीत नव्हतं. सकाळी काढलं तर बरबटी छर्र्यासारखी. बंदुकीत भरून ससा मारावा अशी. पुन्हा केली, गूळ मागून घातला. जरा फरक पडला, पण साल चामड्यासारखं. पुन्हा केली, सोडा घातला. साबणाचा वास आला. शेजारीण कुंपणावरून डोकावून विचारते, ‘काकू, कोनत्या देवाचे रोडगे चालू हायेत रोज रोज?’ मी म्हटलं, देवाचे नाही, तुझ्या काकाचे.

हे खाटेवरून सगळं बघत होते. त्या कडक दाण्यांची वाटी मी रागाने उकिरड्यावर ओतली आणि ओसरीवर येऊन बसले. तेव्हा हे म्हणाले, हळूहळू, एकेक शब्द जुळवत, ‘पानी कोनतं घेतलं?’

‘कोणतं म्हणजे? नळाचं.’

‘मायनं तुले मोठ्या इहिरीवर काऊन धाडे?’

‘मला चुलीपाशी बसू द्यायचं नव्हतं म्हणून,’ मी म्हटलं. इतकी वर्षं आत ठेवलेलं फटकन बाहेर आलं. ‘शिकू द्यायचं नव्हतं म्हणून.’

हे माझ्याकडे बघतच राहिले. मग म्हणाले, ‘अवं येडे. खाऱ्या पान्यात दाना कडकच रायते, त्या पान्याबिगर शिजतच नाई ते. दुसरं कायी गुपित नाई त्यात. पानीच हाय.’

आत्याबाई, मी काय सांगू? इथे जन्मलेल्या प्रत्येकाला हे ठाऊक होतं, म्हणून कोणी कधी मला सांगितलं नाही. तुम्हालाही वाटलं असेल, हे काय सांगायचं, पाणी आणायला सांगितलं की कळलंच. आणि नळ आल्यावर, कुकर आल्यावर, सगळं गाव ते विसरलं, कारण कुकरमध्ये दगडही शिजतो. मी तुमच्यावर इतकी वर्षं दात खाल्ले, आणि तुमचं सगळं गुपित दरवेळी माझ्याच डोक्यावर होतं. मी हिंदकळू न देता, शिव्या देत, ते घरी आणत होते. आणि तुम्ही त्यासाठी मला चप्पल दिली होती. बाई गं! एक शब्द जास्त बोलल्या असत्या तर काय झालं असतं? ‘त्या पान्यात शिजते,’ एवढंच. मला राग आला तुमचा, खोटं सांगत नाही. आता कळून कोणाचं काय भलं होणार होतं?

तरी गेले. प्लास्टिकचा कॅन घेऊन, थोरला कामावर होता म्हणून पायीच. मोठी विहीर आता एका संत्र्याच्या बागेत गेली आहे, तारेचं कुंपण आहे. बागवाल्याने मला ओळखलं. ‘काकू, तुमी? अन् पायी?’ मी कॅन पुढे केला. त्याने मोटारीचं बटन दाबलं, मोटार घरघरली आणि तो म्हणाला, ‘काकांनीच बांधून देल्ली हे मोटर. अजून बंद नाई पडली. काका कसे हायेत?’ मी म्हटलं, आहेत. त्याने खाली बघितलं. ‘पानी पार खाली गेलं काकू, उन्हाळ्यात हेही नाई रायत.’ मी ओंजळीत घेऊन प्यायले. गोड होतं. तेवढंच गोड, जेवढं मी डोक्यावरून वाहायचे तेव्हा होतं. तेव्हा मी ते कधी पिऊन बघितलं नव्हतं, रागाच्या भरात. त्याने स्कूटरवरून घरापर्यंत सोडलं.

आणि शिजली. त्या पाण्यात भिजवली, त्याच पाण्यात आधी नुसती मऊ केली, मग गूळ, कांदा, सुंठ, मोहरी. गाडग्याचं तोंड कणकेने लिंपलं आणि राखेत पुरलं. सकाळी झाकण फोडलं तर ओसरीपर्यंत वास. यांनी उशीवरून डोकं उचललं. मी वाटी धरली, चमचा आत सरकवला, दाणा टाळूला दाबून गिळला त्यांनी. म्हणाले, ‘हाव... पन थोडं मीठ कमी हाय.’ मी चाखलं नाही. माझं मत कशाला, ज्यांच्या आईचं आहे त्यांनी सांगावं. पुढच्या खेपेला मीठ वाढवलं. ‘आता सुंठ जास्त झाली.’ पुन्हा केली. ‘अजून आंच पायजे.’ पुन्हा केली. आठवड्यामागून आठवडे आमचं हेच चाललं. बागवाला स्वतःच कॅन आणून देऊ लागला. मी सकाळी उठायचे ती थेट कामालाच लागायचे. गवऱ्या फोडायच्या, बरबटी निवडायची, राख चाळायची. यांचा खालावत चाललेला हात, वाजणारा श्वास, हे मला दिसत नव्हतं असं नाही, पण मला वाटत होतं, एकदा बरोबर जमली ना, की पोटभर खातील. पोटभर खाल्लं की अंगाला लागेल. माणूस किती मूर्ख होतं बघा.

मग तो दवाखान्याचा दिवस. आम्ही दाखवायला गेलो होतो. डॉक्टरने फोटो बघितला, थोरल्याला बाहेर नेलं, मग मलाही बोलावलं. तरणा मुलगा आहे डॉक्टर, त्याला सांगताना फार जड गेलं. गाठ गळ्यात उतरली आहे, आता शेक नाही, कापणं नाही. घरी आलो. आदल्या दिवशीची बरबटी भिजलेली होती, ती वाया कशी घालवायची म्हणून मी जगरा लावला. हात आपोआप चालत होते. सकाळी झाकण फोडलं, वाटीत काढलं, यांना भरवलं. यांनी डोळे मिटले, दाणा घोळवला आणि म्हणाले, ‘आज गोडी बरोबर जमली. मायसारखी.’

मला काय आनंद झाला म्हणून सांगू! मी वाटी घेऊन चुलीकडे आले, आता ठेवून देते, संध्याकाळी पुन्हा भरवते म्हणून. ओट्यावर गुळाचा खडा तसाच होता. फोडलेला, वाटीत काढलेला, झाकून ठेवलेला. मी घातलाच नव्हता. मी बोट बुडवून चाटलं. नुसतं मिठाचं, सुंठीचं, कांद्याचं. गोडाचा पत्ता नाही.

मी तशीच वाटी घेऊन त्यांच्यासमोर उभी राहिले. रडत नव्हते, संतापले होते. ‘यात गूळ नाही,’ म्हटलं. ‘गूळच नाही यात!’

त्यांनी नजर चुकवली. लहानपणी तुम्ही यांना कणगीतला गूळ चोरताना धरलं की असेच करत असतील.

‘कधीपासून?’ मी विचारलं.

‘शेक घेतला तवापासून. कायीच लागत नाई. माती लागते.’

‘म्हणजे पहिल्यापासून! मग मीठ कमी, सुंठ जास्त, हे काय होतं? मला कामून पळवलं मग उन्हातान्हात?’

त्यांनी अंगणातल्या जगऱ्याकडे बोट केलं. मग म्हणाले, ‘वास येते न. वास येते मले. अन् तू कामात रायते. जगऱ्यापाशी बसते, राखेले शिव्या देते. बरं वाटते पाह्याले. नायतर तू नुसती माह्या तोंडाकडं पायत बसते.’

मी वाटी खाली ठेवली आणि परसात निघून गेले. तिथे उकिरड्यापाशी उभी राहून खूप रडले, आत्याबाई. शिजवून काही होणार नव्हतं. पाणी मिळालं, गूळ मिळाला, गाडगं मिळालं, जगरा मिळाला, सगळं मिळालं, आणि ज्याच्यासाठी करायचं त्याची जीभच गेलेली. तुम्ही स्वतः वरून उतरून केली असती तरी त्यांना मातीच लागली असती. हे तुम्हाला कळावं म्हणूनही लिहिते आहे. यात माझ्या हाताचा दोष नाही. तुमच्या हाताचंही आता काही चाललं नसतं.

दोन-तीन दिवस मी जगरा लावला नाही. खरोखरच त्यांच्या तोंडाकडे बघत बसले. घर नुसतं ओस पडल्यासारखं झालं. शेजारीण आली, बसली, उठून गेली. हे भिंतीकडे तोंड करून पडलेले. मग एके सकाळी त्यांनी खाटेच्या दांडीवर बोटांनी टकटक केली, मोटार बोटांनी वाजवून ऐकायचे तशी, आणि म्हणाले, ‘भिजू टाक न.’ मी टाकली. नीट केली यावेळी, गूळ आठवणीने घातला, काळा, चांगला मूठभर. राखेत ठेवली आणि शेजारी बसून राहिले. राखेला शिव्याही घातल्या, त्यांना ऐकू जाईल अशा.

सकाळी वाटी भरून नेली. त्यांनी वास घेतला, डोळे मिटून, पुष्कळ वेळ. चमचा पुढे केला तर मान हलवली. आता दाणा उतरत नाही, पाणीही मोठ्या मुश्किलीने उतरतं. म्हणाले, ‘तू खाय. तू सांग मले. मायसारखी झाली का?’

इतक्या वर्षांत मी तुमची बरबटी खरं म्हणजे कधी नीट खाल्लीच नव्हती. तुमच्यावरच्या रागाने दोन दाणे तोंडात टाकायचे आणि मला गोड आवडत नाही म्हणायचे. पण चव माझ्या तोंडात राहिलेली होती, हे मला त्या दिवशी कळलं. मी चमचा तोंडात घातला. दाणा आख्खा होता आणि जिभेने दाबला तर लोणी झाला. आधी गूळ लागला, मग मागून मोहरीचा हलका झटका, आणि शेवटी तो धुराचा वास. अंगणात तुम्ही बसलेल्या आहात, लुगड्याचा काचा मारून, आणि मी गुंड उतरवते आहे, असं सगळं एका घासात समोर आलं. तीच होती. कणभर इकडे नाही, कणभर तिकडे नाही.

हे माझ्याकडे बघत होते. अर्ध्या गालाचं ते तोंड, आणि डोळे मात्र वाडगा घेऊन उभ्या राहिलेल्या पोराचे.

मी म्हटलं, ‘नाही. जवळ आली, पण नाही. सुंठ जरा पुढे गेली.’

त्यांनी सुटकेचा श्वास सोडला. तुम्हाला पटणार नाही, पण सोडला. म्हणाले, ‘मंग पुन्हा टाक.’

हे पत्र कुठे टाकायचं ते काही मला माहीत नाही. जगऱ्यात टाकलं तर राख गाडग्यावर बसेल आणि हे तिथूनच ओरडतील. म्हणून घडी करून गुळाच्या डब्याखाली ठेवते. ऊन उतरलं आहे, आता थोड्या वेळात गाडगं काढावं लागेल. खारट पाण्याचं गाव आहे तुमचं, पण तुमची बरबटी मला आली, आत्याबाई. मागच्या खेपेलाही बरोबर झाली होती, त्याच्या मागच्या खेपेलाही, आणि आजचीही होईल. हे विचारतील, मी चाखीन, आणि नाही म्हणेन.